अध्यक्षांच्या हातातला वेळ: शिवसेना आमदार अपात्रतेचं प्रकरण

10 जानेवारी 2024, बुधवार. नौपाड्यातल्या आमच्या वर्गात त्या संध्याकाळी शिकवणं झालंच नाही. राज्यसेवेची तयारी करणारी तीसेक मुलं, टेबलावर डब्याला टेकवून उभा केलेला एक मोबाइल, आणि त्यात विधान भवनातून निकाल वाचणारे विधानसभा अध्यक्ष राहुल नार्वेकर. निकाल बाराशेहून जास्त पानांचा, त्यामुळे ते त्यातला महत्त्वाचा भागच वाचत होते. तरी वाचन बराच वेळ चाललं. मागच्या बाकावरची मुलं खुर्च्या ओढून पुढे आली होती. एकाही आमदाराला अपात्र ठरवलेलं नाही हे कळलं तेव्हा वर्गातली काही मुलं खूश झाली, काहींचे चेहरे पडले. ठाण्यातला वर्ग आहे, घरोघरी शाखेशी नातं आहे. हे होणारच होतं.

कोपरीहून येणारी एक विद्यार्थिनी मात्र दोन्हींत नव्हती. तिच्या वहीत निकालापेक्षा तारखाच जास्त होत्या. तिने विचारलं, "सर, पात्र ठरवलं ते ठरवलं. पण आमचा आमदार पात्र आहे की नाही हे ठरायला दीड वर्ष का लागलं?"

तिचा आमदार म्हणजे एकनाथ शिंदे. 2004 मध्ये ते ठाण्यातून पहिल्यांदा विधानसभेवर गेले आणि 2009 पासून कोपरी-पाचपाखाडीतून निवडून येत आहेत. त्या वेळी ते राज्याचे मुख्यमंत्री होते. अपात्रतेच्या याचिकेत पहिलं नाव त्यांचं होतं. म्हणजे एका मतदारसंघाचा आमदार आणि सगळ्या राज्याचा मुख्यमंत्री, दोघांचंही भवितव्य एकाच माणसाच्या सहीवर अडलं होतं, आणि ती सही व्हायला दीड वर्ष लागलं. त्या मुलीच्या प्रश्नासाठी मी हे प्रकरण पुन्हा पहिल्यापासून मांडायला घेतलं. कोण खरा शिवसैनिक, हा वाद इथे मी सोडवणार नाही. माझा विषय अध्यक्षांची खुर्ची आणि त्या खुर्चीच्या हातात असलेला वेळ.

रिकामी खुर्ची

सगळे 20 जून 2022 पासून सुरुवात करतात. विधान परिषदेची निवडणूक, त्या रात्री शिंदे आणि त्यांच्याबरोबरचे आमदार सुरतला, मग गुवाहाटीला. मी वर्गात सुरुवात करतो ती 4 फेब्रुवारी 2021 पासून. त्या दिवशी नाना पटोले यांनी विधानसभा अध्यक्षपदाचा राजीनामा दिला आणि पुढे ते काँग्रेसचे प्रदेशाध्यक्ष झाले. त्यांच्या जागी नवा अध्यक्ष निवडला गेला तो थेट 3 जुलै 2022 रोजी. जवळपास 17 महिने महाराष्ट्राच्या विधानसभेला अध्यक्षच नव्हता. उपाध्यक्ष नरहरी झिरवाळ कारभार पाहत होते.

असं का झालं? तीन पक्षांच्या महाविकास आघाडीला गुप्त मतदानाची धास्ती होती. डिसेंबर 2021 मध्ये सरकारने नियम बदलला आणि अध्यक्षांची निवड गुप्त मतदानाऐवजी आवाजी मताने करायचं ठरवलं. राज्यपाल भगतसिंह कोश्यारी यांनी त्यावर आक्षेप घेतला, तारीख दिली नाही. प्रकरण उच्च न्यायालयात गेलं. राज्यपालांनी अडवलं हे खरंच, पण नियम बदलायच्या आधीचे दहा महिने सरकारच्या हातात होते हेही तितकंच खरं. आपल्याच आमदारांवर विश्वास नसलेल्या आघाडीने राज्यातलं एक घटनात्मक पद रिकामं ठेवलं. अडचणीच्या वेळी ती खुर्ची आपल्या माणसाकडे असावी असं त्यांनाही वाटत असणारच. पण ती भरायची हिंमत झाली नाही.

पुढे काय झालं ते थोडक्यात. 21 जूनला पक्षाने शिंदे यांना गटनेतेपदावरून काढलं, अजय चौधरी यांना नेमलं. झिरवाळ यांनी चौधरींना मान्यता दिली. तिकडून शिंदे गटाच्या आमदारांनी झिरवाळ यांनाच हटवण्याची नोटीस दिली. शिवसेनेचे प्रतोद, म्हणजे आमदारांना पक्षादेश (व्हिप) काढणारे, सुनील प्रभू यांच्या याचिकेवर झिरवाळ यांनी 16 आमदारांना अपात्रतेच्या नोटिसा काढल्या. त्या सोळांत शिंदे होते, आमच्या जिल्ह्यातले अंबरनाथचे बालाजी किणीकरही होते. उत्तर द्यायला मुदत दिली 27 जूनच्या संध्याकाळपर्यंत, म्हणजे जेमतेम दोन दिवस. आमदार गुवाहाटीत. सर्वोच्च न्यायालयाने ही मुदत 12 जुलैपर्यंत वाढवली, आणि तेवढ्या दिवसांत सगळंच उलटलं. राज्यपालांनी 30 जूनला बहुमत चाचणी ठेवली, न्यायालयाने ती रोखली नाही, 29 जूनच्या रात्री उद्धव ठाकरे यांनी राजीनामा दिला आणि दुसऱ्या दिवशी शिंदे मुख्यमंत्री झाले.

दोन दिवसांची मुदत हा अन्यायच होता, हे मी ठाकरे गटाची बाजू घेणाऱ्या मुलांना स्पष्ट सांगतो. आमदारकी काढून घेण्याइतकी मोठी गोष्ट अशी घाईत उरकायची नसते. तिथेही खुर्चीवरचा माणूस वेळ वापरत होता. फक्त त्या वेळी घाई त्याच्या कामाची होती.

3 जुलैचा दिवस

या प्रकरणात मला सर्वांत जास्त शिकवून जाणारा दिवस निकालाचा नाही, 3 जुलै 2022 चा आहे. रविवार होता. विधानसभेत अध्यक्षांची निवडणूक. एका बाजूला भाजपचे राहुल नार्वेकर, दुसऱ्या बाजूला शिवसेनेचे राजन साळवी. शिरगणती झाली. एकेक सदस्य उभा राहून आपलं नाव सांगत होता. नार्वेकर यांना 164 मतं पडली, साळवी यांना 107.

मतमोजणीपर्यंत पीठासनावर झिरवाळ होते. शिवसेनेच्या काही सदस्यांनी पक्षादेश डावलून मतदान केलं, याची नोंद त्यांनी घेतली. मग नार्वेकर खुर्चीवर बसले. शिंदे गटाचं पत्र त्यांच्यासमोर आलं: ठाकरे गटाच्या 16 सदस्यांनी पक्षादेश मोडला. नार्वेकर यांनी त्याची नोंद घेतली.

सभागृह तेच आणि पक्षाचं नावही तेच. पण पहिल्या नोंदीप्रमाणे 39 जण चुकले होते आणि दुसरीप्रमाणे 16. मधल्या काळात घडलं होतं ते इतकंच की खुर्चीवरचा माणूस बदलला होता. वर्गात हे सांगताना मी फळ्यावर एकच चौकोन काढतो, त्यात एक नाव लिहितो, पुसतो, दुसरं लिहितो. पक्षांतरबंदी कायदा शिकवायला मला याहून चांगलं उदाहरण अजून मिळालेलं नाही.

त्याच रात्री विधिमंडळाकडून शिंदे यांना गटनेते आणि महाडचे भरत गोगावले यांना प्रतोद म्हणून मान्यता मिळाली. दुसऱ्या दिवशी सरकारने 164 विरुद्ध 99 मतांनी विश्वासदर्शक ठराव जिंकला.

खुर्चीवरचा माणूस

नार्वेकर यांची कारकीर्द इथे सांगायला हवी. निंदानालस्तीसाठी सांगत नाही. पक्षांतराच्या खटल्याचा निवाडा करणाऱ्याचा प्रवास त्या खटल्याचाच एक भाग असतो, म्हणून सांगतो. ते वकील. घर कुलाब्याचं, वडील आणि भाऊ नगरसेवक. राजकारणाची सुरुवात शिवसेनेत, युवा सेनेचे प्रवक्ते म्हणून. 2014 मध्ये ते राष्ट्रवादी काँग्रेसमध्ये गेले आणि मावळमधून लोकसभा लढले. मावळ म्हटलं की पुणे जिल्हा डोळ्यांपुढे येतो, पण पनवेल, उरण आणि कर्जत याच मतदारसंघात येतात, त्यामुळे नवी मुंबईला लागून असलेल्या या पट्ट्यात त्यांचे प्रचाराचे फलक आम्हीही पाहिले होते. ते हरले, शिवसेनेचे श्रीरंग बारणे निवडून आले. त्याच वर्षी नार्वेकर विधान परिषदेवर गेले. 2019 च्या विधानसभेआधी भाजपमध्ये आले आणि कुलाब्यातून आमदार झाले. पहिल्याच टर्ममध्ये, वयाच्या 45 व्या वर्षी, विधानसभेचे अध्यक्ष. त्यांचे सासरे रामराजे नाईक-निंबाळकर त्या वेळी विधान परिषदेचे सभापती होते. काही दिवस वरच्या सभागृहात सासरे आणि खालच्या सभागृहात जावई, असं चित्र होतं.

यात बेकायदा काही नाही. त्यांची पक्षांतरं निवडणुकीच्या तोंडावरची, आमदार असताना पक्षादेश मोडून केलेली नव्हेत. कायद्याचा अभ्यास आहे, बोलणं मुद्देसूद आहे, सभागृह चालवण्याची हातोटी आहे. माझं म्हणणं माणसाविषयी नाहीच. पुढच्या निवडणुकीत तिकीट ज्या पक्षाने द्यायचं, त्या पक्षाचं सरकार टिकणार की पडणार हे ज्या निकालावर अवलंबून आहे, तो निकाल त्याच पक्षाच्या आमदाराने द्यायचा, ही रचनाच मला मान्य नाही. नार्वेकर यांच्या जागी साळवी निवडून आले असते तरी मी हेच लिहिलं असतं.

या धोक्याची जाणीव 1985 मध्ये राज्यघटनेची दहावी अनुसूची, म्हणजेच पक्षांतरबंदी कायदा, लिहिणाऱ्यांनाही असावी. तिच्या पाचव्या परिच्छेदात एक वाट ठेवलेली आहे. अध्यक्ष म्हणून निवडून आल्यावर एखाद्याने आपल्या पक्षाचं सदस्यत्व सोडलं तर त्याला पक्षांतराचा दोष लागत नाही, आणि पद गेल्यावर तो परतही येऊ शकतो. नीलम संजीव रेड्डी यांनी तर हा कायदा नसतानाच, 1967 मध्ये लोकसभेचे अध्यक्ष झाल्यावर काँग्रेसचा राजीनामा दिला होता. ही वाट आजही उघडी आहे. तिच्यावरून चालणारा मात्र शोधून सापडत नाही.

ना फूट, ना विलीनीकरण

कायद्याचा गाभा मुलांना समजायला जड जातो, म्हणून तो जरा सावकाश सांगतो. 2003 पर्यंत एक सवलत होती: पक्षाचे एक-तृतीयांश आमदार बाहेर पडले तर ती 'फूट' मानली जायची आणि आमदारकी वाचायची. 1991 मध्ये छगन भुजबळ शिवसेनेतून बाहेर पडले तेव्हा हाच हिशेब मांडला गेला होता. 91 व्या घटनादुरुस्तीने ही सवलत काढून टाकली. उरलं ते विलीनीकरण. त्यासाठी दोन-तृतीयांश आमदार हवेत आणि दुसऱ्या पक्षात विलीन व्हायला हवं.

शिवसेनेचे आमदार 55. दोन-तृतीयांश म्हणजे 37. शिंदे यांच्याकडे हा आकडा होता. पण ते भाजपमध्ये किंवा दुसऱ्या कुठल्या पक्षात गेलेच नाहीत. त्यांनी फूट पडली असं म्हटलं नाही, विलीन झालो असंही म्हटलं नाही. त्यांचं म्हणणं एकच, पहिल्या दिवसापासून: आम्हीच शिवसेना. पक्ष सोडलाच नाही तर पक्षांतर कसलं? कायद्याने बाहेर पडायचे दरवाजे बंद केले होते, आणि यांचं म्हणणं आम्ही घराबाहेर पडलोच नाही. त्यामुळे 'पक्ष सोडला का' हा प्रश्न मागे पडून 'पक्ष कुणाचा' हा प्रश्न पुढे आला. तो ठरवण्याचं काम दहाव्या अनुसूचीने अध्यक्षांना कधी स्पष्टपणे दिलेलंच नव्हतं.

सर्वोच्च न्यायालयाच्या पाच न्यायमूर्तींच्या घटनापीठाने 11 मे 2023 रोजी, सुभाष देसाई विरुद्ध राज्यपालांचे प्रधान सचिव या प्रकरणात, यातल्या बऱ्याच गाठी सोडवल्या. राज्यपालांनी बहुमत चाचणी बोलावणं योग्य नव्हतं. गोगावले यांना प्रतोद म्हणून मान्यता देण्याचा अध्यक्षांचा निर्णय बेकायदा होता, कारण प्रतोद राजकीय पक्ष नेमतो, विधिमंडळ पक्ष, म्हणजे त्या पक्षाच्या आमदारांचा गट, नव्हे. पण ठाकरे यांनी चाचणीला सामोरं न जाता राजीनामा दिल्यामुळे त्यांचं सरकार परत आणता येणार नाही. आणि आमदारांच्या अपात्रतेचा निर्णय अध्यक्षांनीच, 'वाजवी मुदतीत' घ्यावा.

ठाण्यात त्या दिवशी दोन्ही बाजूंनी पेढे वाटले गेले असं मला एका विद्यार्थ्याने सांगितलं. निकाल वाचल्यावर त्याचं नवल वाटलं नाही, दोघांनाही हवं ते वाक्य त्यात होतं. मला मात्र त्यातला एकच शब्द टोचत राहिला: वाजवी.

वाजवी म्हणजे किती

वाजवी मुदत म्हणजे किती, हे न्यायालयाला माहीत होतं. मणिपूरमध्ये 2017 ला काँग्रेसच्या तिकिटावर निवडून आलेला एक आमदार लगेच भाजपच्या सरकारात मंत्री झाला आणि अध्यक्ष त्याच्याविरुद्धच्या याचिका नुसत्या ठेवून बसले. त्या प्रकरणात 21 जानेवारी 2020 रोजी सर्वोच्च न्यायालयाने सांगितलं होतं की अपवादात्मक परिस्थिती सोडली तर तीन महिने पुरेत. इतकंच नाही, हे काम अध्यक्षांकडून काढून निवृत्त न्यायमूर्तींच्या कायमस्वरूपी लवादाकडे द्यायचा विचार संसदेने करावा, असंही सुचवलं होतं. त्याआधीचं उत्तर प्रदेशचं उदाहरण याहून वाईट. 2003 मध्ये बसपचे 13 आमदार मुलायमसिंह यांच्या बाजूला गेले. सर्वोच्च न्यायालयाने ते अपात्र ठरवले फेब्रुवारी 2007 मध्ये, विधानसभेची मुदत संपत आली तेव्हा. तोवर सरकार आपला काळ काढून बसलं होतं.

हे सगळं समोर असताना महाराष्ट्राच्या निकालात तीन महिन्यांची मुदत लिहिली गेली नाही. माझ्या मते या प्रकरणातली ही न्यायालयाकडून झालेली मोठी चूक. अध्यक्षपदाचा मान राखायचा म्हणून शब्द मोघम ठेवला, आणि तो मोघमपणा पुढे महागात पडला.

11 मे 2023 ते 10 जानेवारी 2024 हे 244 दिवस होतात. आमच्या मुलांनी ते कॅलेंडरवर मोजले. प्रत्यक्ष सुनावणी सुरू झाली 14 सप्टेंबरला, म्हणजे निकालानंतर चार महिन्यांनी. चार दिवसांनी, 18 सप्टेंबरला, सर्वोच्च न्यायालयाने अध्यक्षांना वेळापत्रक मागितलं. ऑक्टोबरमध्ये न्यायालयाचा सूर कडक झाला: असंच चाललं तर पुढच्या निवडणुका येतील आणि सगळी प्रक्रिया निरर्थक होईल. महिन्याच्या शेवटी 31 डिसेंबरची मुदत बांधून दिली, ती पुढे 10 जानेवारीपर्यंत वाढवली. मुदत बांधून दिल्यावर मात्र सगळं झालं. 34 याचिकांचे सहा गट केले, देवदत्त कामत आणि महेश जेठमलानी यांच्यासारखे वकील उभे राहिले, सुनील प्रभूंची उलटतपासणी झाली, हिवाळी अधिवेशन आलं तेव्हा सुनावणी नागपूरला नेली, आणि निकालही शेवटच्या दिवशी आला.

दोन महिने आणि दहा दिवसांत हे होऊ शकत होतं, तर आधीचे पावणेसहा महिने कुठे गेले? अध्यक्षांच्या बाजूने सांगायचं तर मूळ प्रश्न अवघड होता, कागदपत्रं हजारो पानांची होती, निवडणूक आयोगाकडून पक्षाची घटना मागवायची होती, आणि घाईत निर्णय दिला असता तर नैसर्गिक न्याय डावलला म्हणून तोच निकाल पुन्हा न्यायालयात अडकला असता. झिरवाळ यांच्या दोन दिवसांचं उदाहरण ताजं होतंच. हे मी मान्य करतो. सर्वोच्च न्यायालयालाही हे प्रकरण ऑगस्ट 2022 मध्ये घटनापीठाकडे गेल्यापासून निकालापर्यंत साडेआठ महिने लागले, हेही मान्य. पण अडचण आहे म्हणून वेळ लागणं वेगळं आणि वेळ लागल्याचा फायदा एकाच बाजूला होत राहणं वेगळं. या काळातल्या प्रत्येक दिवशी मुख्यमंत्री तेच होते, मंत्री तेच होते, अर्थसंकल्प तेच मांडत होते. घटनेप्रमाणे पक्षांतरामुळे अपात्र ठरलेला आमदार मंत्री राहू शकत नाही. म्हणून निकाल न लागणं हाच इतके दिवस लागू असलेला निकाल होता.

निकालाच्या तीन दिवस आधी अध्यक्षांनी मुख्यमंत्र्यांची भेट घेतली. ठाकरे गटाने त्यावर जोरदार आक्षेप घेतला. मतदारसंघाच्या आणि विधिमंडळाच्या कामांसाठी भेटलो, असं अध्यक्षांचं स्पष्टीकरण होतं. ते खरंही असेल. पण दिवाणी खटल्यातला न्यायाधीश निकालाच्या आठवड्यात एका पक्षकाराच्या घरी कामासाठी गेला, तर ठाण्याच्या कोर्टनाक्यावरचा नवशिका वकीलही हात जोडून सांगेल, साहेब, हे प्रकरण आता दुसऱ्या न्यायालयात पाठवा.

निकालात काय होतं

पक्ष कुणाचा हे ठरवायला न्यायालयाने दिशा दिली होती. त्याप्रमाणे अध्यक्षांनी तीन गोष्टी तपासल्या: पक्षाची घटना, नेतृत्वाची रचना आणि विधिमंडळातलं बहुमत. घटना कोणती धरायची यावर मोठा वाद झाला. ठाकरे गट 2018 ची दुरुस्त घटना सांगत होता. अध्यक्षांनी म्हटलं की निवडणूक आयोगाच्या नोंदीत आहे ती 1999 ची, म्हणून तीच ग्राह्य. 1999 च्या घटनेत अंतिम अधिकार राष्ट्रीय कार्यकारिणीकडे आहे, एकट्या पक्षप्रमुखाकडे नाही, त्यामुळे पक्षप्रमुखाची इच्छा म्हणजे पक्षाची इच्छा हे त्यांना पटलं नाही. 2018 ची पदरचना या घटनेला धरून नव्हती, म्हणून तीही निर्णायक नाही. राहिलं ते तिसरं माप. 21 जून 2022 रोजी दोन गट उभे राहिले तेव्हा बहुसंख्य आमदार शिंदे यांच्याबरोबर होते, म्हणून तीच खरी शिवसेना. मग प्रभूंचा पक्षादेश काढण्याचा अधिकार त्याच दिवशी संपला आणि गोगावले यांची नेमणूक वैध ठरली.

शिवसेनेत वाढलेल्या माणसाला यातला एक मुद्दा जिव्हारी लागला, आणि तो कायद्याच्या पुस्तकात सापडत नाही. टेंभीनाक्यावर, किसननगरात, वागळे इस्टेटच्या शाखांत 'पक्षप्रमुखाचा शब्द शेवटचा' हे पिढ्यान्‌पिढ्या कुणी शिकवावं लागलं नाही. आणि कागदावर तो शब्द शेवटचा नव्हताच! पक्ष चालवला जात होता एका रीतीने, नोंदवलेला होता दुसऱ्या रीतीने. मुंबईत आणि दिल्लीत वेळच्या वेळी एक दुरुस्त प्रत दाखल झाली असती तर निकालाचा सगळा पहिला भाग वेगळा लिहावा लागला असता. पक्षाच्या कार्यालयात कागद सांभाळणारा माणूस किती मोलाचा असतो, हे मी त्या दिवसापासून प्रत्येक तुकडीला सांगतो.

तरी माझा मुख्य आक्षेप तिसऱ्या मापावर आहे. राजकीय पक्ष आणि विधिमंडळ पक्ष एक नाहीत, हे न्यायालयाने बजावलं होतं. पहिली दोन मापं बाजूला पडल्यावर पक्ष कुणाचा हे शेवटी आमदारांच्या डोक्यांवरूनच ठरलं. म्हणजे पुरेसे आमदार एकत्र आले की पक्ष त्यांचा. मग पक्षांतरबंदी नेमकी कुणाला बंदी करते? एकट्यादुकट्याला. दोन-तृतीयांश गोळा करणाऱ्याला पक्षच मिळतो, नावासकट.

दुसरी बाजूही लिहायला हवी. शिंदे गटाच्या पहिल्या सोळा आमदारांविरुद्धचा मोठा मुद्दा असा होता की ते 21 जूनच्या बैठकीला आले नाहीत, संपर्काबाहेर गेले. त्यावर अध्यक्षांनी दाखवून दिलं की पक्षाचे दूत म्हणून मिलिंद नार्वेकर आणि ठाण्याचे रवींद्र फाटक सुरतेला जाऊन शिंदे यांना भेटले होते. भेट होत होती तर संपर्क तुटला कसा? हा मुद्दा मला तर्काला धरून वाटतो. आणि ठाकरे गटाच्या आमदारांनाही त्यांनी अपात्र ठरवलं नाही, कारण गोगावले यांचा पक्षादेश त्यांना रीतसर पोहोचल्याचा पुरावा नव्हता. दोन्हीकडचं कुणी गेलं नाही. पाच आठवड्यांनी, 15 फेब्रुवारीला, राष्ट्रवादी काँग्रेसच्या प्रकरणातही हेच घडलं: 53 पैकी 41 आमदार अजित पवारांकडे, म्हणून पक्ष त्यांचा, आणि अपात्र कुणीच नाही.

मधल्या काळात, जानेवारीच्या अखेरीस, मुंबईत देशभरातल्या पीठासीन अधिकाऱ्यांची परिषद झाली. दहाव्या अनुसूचीचा फेरविचार करण्यासाठी एक समिती नेमल्याचं लोकसभा अध्यक्ष ओम बिर्ला यांनी तिथे जाहीर केलं. समितीचे प्रमुख राहुल नार्वेकर.

त्यानंतर

ठाकरे गट सर्वोच्च न्यायालयात गेला. विधानसभेची मुदत नोव्हेंबर 2024 मध्ये संपत होती, तोवर तिथेही निकाल लागला नाही. 20 नोव्हेंबरला मतदान झालं. कोपरी-पाचपाखाडीत शिंदे यांच्यासमोर ठाकरे गटाकडून आनंद दिघे यांचे पुतणे केदार दिघे उभे होते. शिंदे लाखाहून जास्त मताधिक्याने निवडून आले. कुलाब्यातून नार्वेकर पुन्हा जिंकले, आणि 9 डिसेंबर 2024 रोजी विधानसभेच्या अध्यक्षपदी बिनविरोध निवडले गेले.

मतदारांनी कौल दिला, आता जुनं कशाला उगाळायचं, असं मला बरेच जण सांगतात. कौलाचा मान मी राखतो, तो स्पष्ट होता. पण मतदाराला 'पुढची पाच वर्षं कोण' एवढंच विचारलेलं असतं. 2022 मध्ये कायदा मोडला गेला का, हे त्याला विचारलेलं नसतं आणि त्याचं उत्तर मताधिक्यातून निघत नाही. 31 जुलै 2025 रोजी तेलंगणच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने तिथल्या अध्यक्षांना तीन महिन्यांची मुदत घालून दिली आणि हे काम अध्यक्षांकडे ठेवायचं का, याचा विचार संसदेने करावा असं पुन्हा सांगितलं. आमच्यासाठी ते दोन वर्षं उशिरा आलं.

मागच्या तुकडीच्या चाचणीत मी एक प्रश्न घातला होता: 'या प्रकरणाचा निकाल कोणत्या तारखेला लागला असं तुम्हाला वाटतं? कारणांसह लिहा.' बहुतेकांनी 10 जानेवारी 2024 लिहिलं. काहींनी 11 मे. दोघांनी 29 जून 2022, ठाकरे यांच्या राजीनाम्याची रात्र. कोपरीची ती मुलगी तेव्हा पुन्हा वर्गात होती, पूर्वपरीक्षा थोडक्यात हुकली म्हणून. तिने लिहिलं, 4 फेब्रुवारी 2021. पटोले उठले आणि खुर्ची रिकामी राहिली तो दिवस.

मी तिला बोलावून सांगितलं की माझी तारीख 3 जुलै 2022 आहे. रिकाम्या खुर्चीने काहीच ठरवलं नव्हतं. भरल्यावर, आणि तीवर बसणाऱ्याने पक्ष सोडला नाही तेव्हा, पुढचं सगळं ठरलं. पाचवा परिच्छेद त्या दिवशीही पुस्तकात होता.

ती म्हणाली, "सर, पण सतरा महिने ती रिकामी ठेवणाऱ्यांनाही तिथे आपलाच माणूस हवा होता ना? मग त्याने तरी पक्ष सोडला असता का?"

मला उत्तर देता आलं नाही. तिच्या तारखेखाली मी माझी तारीख लिहिली आणि दहापैकी नऊ गुण दिले.